मधल्या पट्ट्यातली मुलगी

नॉर्डाल कॉलेज, मिनेसोटा
१४ ऑक्टोबर १९११

प्रिय हाल्वर,

पाकिटावरचं अक्षर ओळखून तू हे पत्र चुलीत घातलं नसशील तर पुढे वाच. यात माझ्याविषयी काही नाही. सिग्नेविषयी आहे.

तुझ्या मुलीची इथल्या मुलींच्या बास्केटबॉल संघात निवड झाली. चौदा जणी आल्या होत्या, सहा घेतल्या. त्यांत पहिल्या वर्षाची ती एकटीच. तळघरातल्या व्यायामशाळेत दोन टोकांना उंचावर लोखंडी कड्या आहेत, त्यांना जाळीच्या टोपल्या. त्यांत चेंडू टाकायचा, एवढाच खेळ. पण जमिनीवर खडूने दोन आडव्या रेघा ओढून तीन पट्टे केलेले असतात, आणि प्रत्येक मुलीने आपापल्या पट्ट्यातच राहायचं. रेघ ओलांडली की समोरच्या संघाला मोकळी फेक. तिचा एक गुण, एरवी टोपलीचे दोन. सिग्ने मधल्या पट्ट्यात आहे.

पुरुषांना सामना पाहायला बंदी आहे, वडिलांनासुद्धा. भट्टीत कोळसा घालणारा म्हातारा पेडर तेवढा आत-बाहेर करतो, तोही भिंतीकडे तोंड करून. म्हणून प्रत्येक सामन्यानंतर मी तुला लिहीन. उत्तराची अपेक्षा नाही.

एकाच गोष्टीचं उत्तर मात्र हवं आहे. कॉलेजचा नियम असा की वडिलांच्या लेखी परवानगीशिवाय मुलीने खेळायचं नाही. कागद सोबत ठेवला आहे. महिनाअखेरपर्यंत सही करून पाठव. तिने स्वतः का नाही लिहिलं, असं विचारशील. मीच तिला थांबवलं. तू तिला नाही म्हणालास तर ती ऐकेल. बहिणीला नाही म्हणायची तुला सवय आहे.

तू तिला एका वर्षाच्या बोलीवर पाठवलंस हे मला ठाऊक आहे. मार्थे वारल्यापासून आईवेगळं घर सिग्नेनेच सांभाळलं, आता मार्थेची बहीण जूनपर्यंतच थांबणार, आणि मग तिघा लहानग्यांसाठी सिग्ने परत येणार, असं ठरलंय. शिक्षिकेचा अभ्यासक्रम दोन वर्षांचा आहे. त्याबद्दल मी आत्ता काही म्हणत नाही.

गुड्रुन


३ डिसेंबर १९११

प्रिय हाल्वर,

परवानगीची बाब मार्गी लागली, त्याची काळजी करू नकोस.

काल पहिला सामना झाला आणि माझा घसा अजून बसलेला आहे. खरं तर पंचाने ओरडायचं नसतं. हो, पंच मी. यजमान कॉलेजने पंच द्यायचा असा रिवाज आहे, आणि नियमांचं पुस्तक पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचलेली इथे मी एकटीच निघाले. सामन्याआधी रेघाही मीच ओढते. हॉलची लांबी बहात्तर फूट, तिचे तीन भाग. भिंतीपासून फीत लावून चोवीस फुटांवर एक आणि अठ्ठेचाळीसवर दुसरी. गणित शिकवणाऱ्या बाईला आयुष्यात पहिल्यांदा असं वाटलं की आपल्या भागाकारावाचून कुणाचं तरी अडलं आहे.

सिग्नेची उंची तुझ्यावर गेली आहे. प्रत्येक टोपलीनंतर चेंडू पुन्हा मध्यावर आणून दोघींच्या मधोमध वर उडवायचा असतो. मी तो उडवते आणि मागे सरकते, तेवढ्यात तिचा हात वर गेलेला असतो. चेंडू झेलते आणि तिथल्या तिथे फिरून पुढच्या पट्ट्यात देते, पेंढीवाल्याने गाडीवर पेंढी फेकावी तशी, खांद्यातून. हे तिला कुणी शिकवलं असेल, ते मी सांगायला नको.

पुढच्या पट्ट्यात गस्टी असते, पावरोटीवाल्या लिंडेंची ऑगस्टा. उंची जेमतेम पाच फूट, तोंड मात्र दोन माणसांचं. समोरची मुलगी तिच्यापेक्षा हातभर उंच होती. गस्टी तिला म्हणाली, "वर हवा कशी आहे गं? आमच्याकडे खाली उकडतंय." ती मुलगी हसायला लागली, आणि तेवढ्यात गस्टीने तिच्या काखेखालून चेंडू टोपलीत टाकला.

बाहेर कॉलेजचे मुलगे कोळशाच्या ढिगावर चढून खिडकीला नाक लावून होते. आमच्या डीन मिस व्हिटकोम्ब यांनी काचांना आतून साबण फासून घेतला होता, तरी मुलग्यांना गुण कळत होते. दुसऱ्या अर्ध्यात कळलं कसे ते. पेडर शिस्तीत भिंतीकडे तोंड करून उभा होता आणि पाठीमागे धरलेल्या हातांची बोटं उघडत-मिटत होता. वरच्या झरोक्यातून ती नेमकी दिसत होती. मी पाहिलं आणि काही बोलले नाही. हे मी रोजनिशीत लिहिलं आहे, कारण मी सहसा बोलते.

चौदा-नऊ. आपण जिंकलो. 'आपण' लिहून गेले, पंचाने तेही लिहायचं नसतं.

सिग्नेच्या कापडी बुटाचा तळ सरावातच फाटला होता. पेडरने जुन्या काळ्या रबरी बुटाचा तुकडा चिकटवून दिला. ती थांबते तिथे जमिनीवर काळा ओरखडा उठतो. मिस व्हिटकोम्बना ते पसंत नाही. मला आवडतं. सामना संपल्यावर मुलगी कुठे कुठे धावली ते वाचता येतं.

गुड्रुन


२१ जानेवारी १९१२

प्रिय हाल्वर,

चार सामने, चार विजय.

कालचा ओक पोर्टेजला होता. तीन तास बर्फगाडीत, पायाशी गरम विटा, आणि सहाही जणी संपूर्ण वाटभर गात होत्या. मी आणि मिस व्हिटकोम्ब मागच्या बाकावर. मिस व्हिटकोम्ब दर मैलाला म्हणत होत्या की एवढं गाणं फुप्फुसांना चांगलं नाही, आणि पाय ठेक्यात हलवत होत्या.

तिथला हॉल म्हणजे धान्याच्या कोठाराचा माळा. बरोबर मधोमध छताचा खांब, त्याला गादी गुंडाळलेली. ओक पोर्टेजच्या मुलींना त्या खांबाची सवय. त्या त्याच्या आड जातात आणि भलत्याच बाजूने निघतात. पहिल्या अर्ध्यात आठ-तीन मागे पडलो. पंच त्यांच्या असल्याने मी बाकावर होते, आणि माझ्या हातमोज्याचं एक बोट मी दातांनी कुरतडून संपवलं. दुसऱ्या अर्ध्यात सिग्नेने खांबालाच आपल्या संघात घेतलं. गादीवर चेंडू आपटायचा, तो वळून थेट गस्टीच्या हातात. एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा. गस्टी त्यांच्या कप्तानाला म्हणाली, "तुमचा खांब छान खेळतो हो. पुढच्या वर्षी आमच्याकडे पाठवा." बारा-अकरा.

आता एक गोष्ट. नाताळात सिग्ने घरी येऊन गेली. तू खेळाविषयी एक शब्द विचारला नाहीस, तिनेही सांगितला नाही. पण घड्याळामागे तिला माझी दोन पत्रं दिसली. दोन्ही उघडलेली, आणि तीही सुरीने, नीट. तिने मला एवढंच सांगितलं. मी वर्गात गेले आणि तासभर फळ्यावर चुकीचं समीकरण सोडवत राहिले.

तू वाचतोस, तर तुला माझी एक शंकाही सांगते. मी पंच असलेल्या तीन सामन्यांत रेघेचे एकोणीस फाउल दिले. त्यांतले अकरा सिग्नेवर. बारा मुलींत एकीवर अकरा. ती उंच आहे, पाय लांब पडतात, हे खरं. सिग्ने हसून म्हणते, "आत्या, तुझी शिट्टी मला नावाने ओळखते." मी भाचीला झुकतं माप देते असं कुणी म्हणू नये म्हणून मी तिच्याच पायांकडे जास्त पाहत असेन का? प्रत्येक वेळी रेघ ओलांडली होती, हे मी शपथेवर सांगेन. पण इतरांच्या पायांकडे मी तेवढंच पाहिलं, हे शपथेवर सांगता येत नाही.

गुड्रुन


१८ फेब्रुवारी १९१२

प्रिय हाल्वर,

सहा सामने, सहा विजय. कालचा बावीस-दहा. चेंडू कुणाच्या हातात थांबतच नव्हता. मला वर्णन करायचं आहे आणि करता येत नाही, कारण आधी दुसरं लिहायला हवं.

तुझी सही मी केली.

ऑक्टोबरअखेर आली, तुझा कागद आला नाही. मुली खाली सरावाला निघाल्या होत्या आणि सिग्ने जिन्यात उभी होती. मी माझ्या खोलीत गेले, दुसरा कोरा कागद घेतला, आणि 'वडील' या शब्दापुढे हाल्वर सोल्बर्ग असं लिहिलं. तुझं अक्षर मला येतं. लहानपणी पाटीवर मीच गिरवून घेतलं होतं. विद्यार्थिनींनी उत्तर शेजारणीचं पाहून लिहिलं तर मी त्यांना वर्गाबाहेर काढते.

डिसेंबरात मी तुला 'मार्गी लागली' असं लिहिलं. ते वाक्य मी मुद्दाम तसं बांधलं होतं. शब्दाने खोटं नाही, आणि तुझी फसवणूक पुरती.

आज का सांगते? काल सामन्यानंतर सिग्नेने मला मिठी मारली आणि म्हणाली, "बाबांनी सही केली म्हणजे त्यांना आवडलंच असणार, नाही का? बोलत नाहीत एवढंच." मी हो म्हणाले. ते हो मला झोंबत आहे. तुझ्या नावाने मी तिला तुझी माया दिली, आणि ती तू दिलेली नव्हतीस. किंवा दिली असशील, मला काय ठाऊक.

डीनना दोन ओळी लिहिल्यास तर सिग्ने संघातून जाईल आणि मी कॉलेजातून. तो तुझा हक्क आहे. शेवटचा सामना नऊ मार्चला आहे, एल्म रिव्हर कॉलेजशी. तीन वर्षांत त्या हरलेल्या नाहीत. तिला तेवढा खेळू दे, असं मागायचा मला अधिकार नाही. तरी मागते.

गुड्रुन


१० मार्च १९१२, रविवार

प्रिय हाल्वर,

तू डीनना लिहिलं नाहीस. त्याचे आभार कसे मानायचे ते ठरवेपर्यंत कालचा दिवस उगवला, आणि आता आभारांना जागाच उरली नाही.

सगळं क्रमाने सांगते. दीडशे मुली भिंतीला पाठ लावून दाटीवाटीने बसल्या होत्या, पेडर भट्टीशी, बाहेर ढिगावर अख्खा मुलग्यांचा वर्ग. एल्म रिव्हरची कप्तान म्हणजे एडिथ फॅरो, सिग्नेएवढीच उंच, शांत, हरणासारखी. मी पहिला चेंडू वर उडवला आणि दोघींचे हात एकाच वेळी त्यावर पडले. असा आवाज झाला की सगळा हॉल गप्प झाला. पहिल्यांदाच सिग्नेला तिच्या जोडीची मुलगी भेटली होती. ती हसली, एडिथही हसली. तिथून पुढे चाळीस मिनिटं मी माणसात नव्हते.

दोन-शून्य, दोन-दोन, चार-सहा. गस्टीने तीन मुलींच्या मधून, जवळजवळ बसून, एक टोपली केली. एल्म रिव्हरच्या एकीने वीस फुटांवरून मारली, चेंडू कडीवर दोनदा फिरला आणि आत गेला, आणि आमच्याच मुलींनी टाळ्या वाजवल्या. शेवटच्या मिनिटाला सोळा-पंधरा. आपण पुढे. चेंडू सिग्नेकडे. ती रेघेकडे धावत आली, थांबली, गस्टीला द्यायला हात मागे नेला.

मी शिट्टी वाजवली.

रेघ ओलांडल्याचा फाउल. त्यांच्या पुढच्या पट्ट्यातल्या एकीने मोकळी फेक घातली, सोळा-सोळा. पुन्हा मध्यावर चेंडू, आणि वेळ संपायला आठ सेकंद असताना त्यांची टोपली. अठरा-सोळा.

सिग्नेने वाद घातला नाही. आपल्या पायाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "आत्या, तुला दिसलं ना नक्की?" एवढंच. मी म्हणाले, "दिसलं."

हाल्वर, रेघ तिथे नव्हतीच. चाळीस मिनिटं बारा जणींचे बूट घासून खडू कधीच पुसला गेला होता. शेवटची दहा मिनिटं मी डोळ्यांना दिसत नसलेल्या रेघेवर फाउल देत होते, कारण ती कुठे आहे हे मला ठाऊक आहे असं मी धरून चालले होते. दुसऱ्या कुणी पंचाने मध्यंतरात नवी रेघ ओढली असती. माझ्या मनातच आलं नाही. मला माझ्या मापाची एवढी खात्री.

आज सकाळी प्रार्थनेआधी मी फीत घेऊन खाली गेले. जमिनीवर सिग्नेचा काळा ओरखडा होता, शेवटचा, लांब, जिथे ती थांबली होती. भिंतीपासून मोजलं. चौदा बोटांचं अंतर शिल्लक होतं. ती रेघेच्या आत होती, चांगली आत. जिथे मी शिट्टी दिली तिथे फळ्यांचा एक जोड आहे. मी त्या जोडाला रेघ समजले. तीन वेळा मोजलं, कारण तीनदा वेगळं उत्तर यावं असं मला वाटत होतं.

आणि मग तिथेच जमिनीवर बसल्यावर आईची आठवण झाली. ती अत्यवस्थ असल्याची तुझी तार आली तेव्हा वार्षिक परीक्षा चालू होती आणि माझ्या वर्गाचे दोन दिवसांचे पेपर उरले होते. ते मला कुणीही सोडू दिले असते. मी कुणाला विचारलंच नाही. आपल्या माणसासाठी नियम वाकवला असं होऊ नये, म्हणून. घरी पोचले तेव्हा तुम्ही तिला पुरून परत येत होता. फाटकात तू जे म्हणालास ते मी नऊ वर्षं अन्याय म्हणून जपून ठेवलं. तू म्हणालास, "तुझं चोख वागणं नेहमी आम्हालाच का गं भोवतं?" आज ओरखड्यापाशी बसून त्याचं उत्तर शोधलं. परक्यांना मी कधी एवढं कडक मोजलेलं नाही.

प्रार्थना संपल्यावर सगळ्यांसमोर उभी राहिले आणि फाउल चुकीचा होता असं सांगितलं. मग मिस व्हिटकोम्बच्या खोलीत जाऊन सहीचंही सांगितलं.

त्यांनी आधी दार लावून घेतलं. मग म्हणाल्या, "मिस सोल्बर्ग, चुकीच्या शिट्टीने सामना जातो. खोट्या सहीने विश्वास जातो. पहिलं मी एल्म रिव्हरला कळवीन. दुसऱ्याचं काय करायचं ते विश्वस्त ठरवतील." शिट्टी टेबलावर ठेवायला सांगितली. आणि वडिलांची खरी सही येईपर्यंत सिग्ने तळघराचा जिना उतरणार नाही.

सिग्नेलाही मीच सांगितलं. तिने ऐकून घेतलं आणि विचारलं, "म्हणजे बाबांनी काहीच म्हटलं नव्हतं?" मी नाही म्हणाले. ती तिच्या खोलीत गेली.

गुड्रुन


१९ मार्च १९१२

प्रिय हाल्वर,

घाईत लिहिते, टपाल निघायचं आहे. एल्म रिव्हरच्या मुलींनी जिंकलेला सामना परत केला. एडिथ फॅरोने स्वतःच्या अक्षरात लिहिलं आहे की चौदा बोटांवर मिळालेला विजय त्यांना ठेवायचा नाही, आणि शिवाय तो दिवस त्यांना पुन्हा एकदा खेळायचा आहे. गस्टीने ते पत्र जेवणघरात टेबलावर चढून वाचलं. आमचा आचारी रडला, त्याला खेळ काय तेही माहीत नाही.

तीस मार्चला, एल्म रिव्हरमध्ये. त्यांचा हॉल गावाचा आहे आणि तिथे वडिलांना आणि भावांना बसू देतात.

सिग्नेशिवाय आपण हरणार. पण ते मोठं नाही. ती नऊ दिवस कुणाशी नीट बोललेली नाही. मला म्हणाली की जून कशाला, आत्ताच घरी गेले तरी चालेल. जिथे आपण हवे आहोत हे निदान नक्की ठाऊक असतं तिथे जावं, असं म्हणाली. ती शाळेत शिकवायला जन्मली आहे, हाल्वर, मी वीस वर्षं मुली पाहते आहे. ती आत्ता घरी आली तर परत येणार नाही.

कागद सोबत आहे. तुझ्या नावाची जागा कोरी आहे.

गुड्रुन


३१ मार्च १९१२

प्रिय हाल्वर,

काल तू शेजारी बसला होतास आणि आपण दोघं मिळून पंधरा-वीस वाक्यं बोललो. तरी लिहिते, कारण तू खेळ पाहत होतास आणि मी तुला पाहत होते, आणि काही गोष्टी तुला माहीत नाहीत.

गुरुवारपर्यंत तुझं पत्र आलं नव्हतं. शुक्रवारीही नाही. संघ गाडीत चढला तेव्हा सिग्ने आमच्याबरोबर होती ती फक्त सामान सांभाळायला. गस्टीने तिचा सदरा तरीही पिशवीत घातला होता. मिस व्हिटकोम्बनी तो पाहिला आणि पिशवी स्वतःच्या मांडीवर घेतली. मला वाटतं, चुरगळू नये म्हणून.

तू दारात आलास तेव्हा सामन्याला दहा मिनिटं होती. बूट चिखलाने भरलेले, कारण तू स्थानकापासून चालत आला होतास. मिस व्हिटकोम्बनी विचारलं, कोण आपण. तू म्हणालास, "सिग्नेचा बाप." त्या म्हणाल्या, कागद आणलात का. तू म्हणालास, "कागद कशाला? मी अख्खा आलोय." त्या वेळी मी भिंतीकडे वळले होते. तू मला शिष्ट समजला असशील. मी हसू आवरत होते, आणि ते हसूही नीट हसू नव्हतं. मिस व्हिटकोम्बनी तुझ्यापुढे कार्यक्रमपत्रिकेची मागची बाजू धरली, तू पेन्सिलने नाव लिहिलंस. अक्षर माझ्या नकलेहून पुष्कळ वाईट आहे.

सिग्ने बाकावर सदरे मोजत होती. तू तिच्यासमोर जाऊन उभा राहिलास आणि काय बोललास ते मला ऐकू आलं नाही. तिचे हात थांबले तेवढे दिसले. नंतर तिला विचारलं. म्हणाली, "बाबा म्हणाले, जा, नाहीतर उशीर होईल." एवढंच? म्हटलं. ती म्हणाली, "आत्या, ते एवढं बोलले."

सामना तू पाहिलास. तुझ्याइतका आवाज त्या हॉलमध्ये कुणी केला नाही. तुला तो आठवत नसणार. सोळा-सोळा झाल्यावर तू उभा राहिलास आणि मागच्या बाईंनी छत्रीने तुला टोचलं, तरी खाली बसला नाहीस. एडिथ आणि सिग्ने सातव्यांदा एकदम उडाल्या तेव्हा तू माझा दंड धरला होतास. निळा डाग उठला आहे. गस्टीची शेवटची टोपली मी पाहिलीच नाही, कारण तू माझी टोपी माझ्या डोळ्यांवर पाडली होतीस. अठरा-सोळा. या वेळी आपले अठरा.

पण मला त्याआधीचं लिहायचं आहे. मध्यंतरात तू चिडून विचारलंस, "ती स्वतः का नाही मारत टोपलीत? सगळ्यांत उंच तीच आहे."

मी सांगितलं की मधल्या पट्ट्यातल्या मुलीला टोपलीत टाकायची परवानगी नसते.

"मग तिने करायचं काय?"

"झेलायचं आणि दुसऱ्यांना द्यायचं."

मुली पाणी पीत होत्या, सिग्ने गस्टीच्या बुटाची नाडी बांधून देत होती. मग तू माझ्याकडे न पाहता म्हणालास, "घरीही तेच करते. मार्थे गेली तेव्हा सतरा वर्षांची होती. मी कधी विचारलं नाही."

परतीच्या गाडीची वाट पाहताना मी जे सुचवलं ते उत्साहाच्या भरात बोलले, असं तू समजला असशील. म्हणून शांत डोक्याने पुन्हा लिहिते. मिस व्हिटकोम्बनी काल जाताना गाडीत मला सांगितलं की त्या विश्वस्तांकडे माझ्यासाठी शब्द टाकणार आहेत, तरी एक वर्ष मला कामावरून दूर राहावं लागेल. मला ते योग्य वाटतं. आणि मला त्या एका वर्षात कुठे जायचं ते ठाऊक आहे. सिग्नेचं एकच वर्ष उरलं आहे. ते तिने इथे पुरं करावं, आणि ते वर्ष मी तुझं घर सांभाळावं.

तू म्हणालास, "तुला येतं काय?" खरं उत्तर देते. वर्तुळावरची चाळीस प्रमेयं मला तोंडपाठ आहेत, आणि लेफ्सेची एक बटाट्याची पोळी गोल लाटता येत नाही. मळणीला सोळा माणसं जेवायला असतात हे तू तीनदा सांगितलंस. पहिल्या आठवड्यात ती उपाशी उठतील, दुसऱ्या आठवड्यात कुरकुरतील. मी शिकेन. गाईची धार मात्र तूच काढ.

त्यावर तू हो म्हणाला नाहीस. गाडी आली, तू चढलास, आणि पायरीवरून म्हणालास की जूनच्या आठ तारखेला तुला तसंही स्थानकावर यायचं आहे, मळणीयंत्राचा पट्टा येणार आहे. मी ते हो म्हणून धरलं आहे. चुकीचं धरलं असेल तर कळव. या पत्राला उत्तर हवं आहे.

आणखी एक. तुझे तिघे धाकटे मला ओळखत नाहीत. त्यांतला मोठा तेव्हा एक वर्षाचा होता, बाकी दोघं जन्मलीच नव्हती. मी त्यांची कोण लागते हे तू त्यांना या नऊ वर्षांत सांगितलंस की नाही, सांगितलंस तर काय, ते मला ठाऊक नाही. जे सांगितलं असशील ते बदलू नकोस. फक्त मला आधी कळव, म्हणजे आठ तारखेला फाटकात मी त्याच हाकेला ओ देईन.

तुझी,
गुड्रुन